मोटार-अपघात आणि जखमीचा दावा

रस्त्यावर मोटारीचा अपघात झाला कीं पहिल्या पांच मिनिटांत पन्नास माणसें जमतात व तीं सर्व एकाच वेळीं बोलूं लागतात. कोणी ट्रकवाल्याची चूक सांगतो, कोणी स्कूटरवाल्यानें वळण चुकविलें म्हणतो, कोणी खड्ड्यांना दोष देऊन मोकळा होतो. ह्या पन्नासांपैकीं दोन वर्षांनीं न्यायाधिकरणापुढें साक्ष द्यावयास बहुधा एकहि येत नाहीं. तेथें बोलतात ते कागद. आणि ते कागद अपघातानंतरच्या पहिल्या दोन-चार दिवसांत, जखमी इसम शुद्धीवर असो वा नसो, दुसऱ्यांच्या हातांनीं लिहिले गेलेले असतात. नुकसानभरपाईचा दावा वकिलाच्या कचेरींत सुरू होतो अशी सर्वसाधारण समजूत आहे. वस्तुतः तो सुरू होतो रुग्णालयाच्या नोंदवहींत.

हिंदुस्थानांत मोटारीनें इजा झालेल्या माणसाला पूर्वीं दिवाणी न्यायालयांत रीतसर दावा लावावा लागे, व त्याचा निकाल लागेपर्यंत मोडलेलें हाड जुळून वर्षें लोटत. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यानें वाहनमालकावर तिऱ्हाइताच्या इजेबद्दल विमा उतरण्याची सक्ती केली. ती सक्ती १ जुलै १९४६ पासून अमलांत आली. अशा दाव्यांसाठीं स्वतंत्र न्यायाधिकरणें नेमण्याची तरतूद १९५६ च्या दुरुस्तीनें झाली. सध्यां १९८८ चा कायदा लागू आहे. २०१९ सालीं त्यांत मोठे फेरफार झाले, व भरपाईसंबंधींचे बहुतेक फेरफार १ एप्रिल २०२२ पासून अमलांत आले. ह्या सर्व व्यवस्थेचा रोख असा कीं, ज्याच्या निष्काळजीपणानें इजा झाली त्याच्या खिशांत पैसे असोत वा नसोत, त्याच्या वाहनाचा विमा उतरलेल्या कंपनीनें भरपाई द्यावी. म्हणून ‘गरीब बिचाऱ्या ड्रायव्हरवर कशाला दावा लावायचा?’ हा जो संकोच मध्यमवर्गीय घरांत हमखास आढळतो, तो चांगुलपणाचा असला तरी अस्थानीं आहे. अर्जांत चालक व मालक यांचीं नांवें घालावीं लागतात हें खरें. परंतु वाहनाचा विमा चालू असेल व विम्याच्या शर्तींचा भंग झालेला नसेल, तर रक्कम कंपनी भरते.

तथापि दाव्याच्या आधीं जीव. महाराष्ट्रांत १०८ या क्रमांकावर रुग्णवाहिका मिळते व ११२ या क्रमांकावर पोलिसांसह सर्व तांतडीची मदत मिळते. धडक देणाऱ्या चालकानेंच जखमीला जवळच्या डॉक्टरकडे पोंचवावें, आणि डॉक्टरनें कोणत्याहि सोपस्कारासाठीं न थांबतां उपचार सुरू करावेत, असें कायद्याचें कलम १३४ सांगतें. ‘आधीं पोलिसांचा कागद आणा’ असें म्हणण्याचा अधिकार कोणत्याहि रुग्णालयाला नाहीं. मदतीस धांवलेल्या त्रयस्थाला स्वतःचें नांव सांगण्याची सक्ती करतां येत नाहीं व त्याच्यावर त्या मदतीबद्दल दावाहि लावतां येत नाहीं; २०१६ सालीं सर्वोच्च न्यायालयानें व पुढें २०१९ च्या दुरुस्तीनें त्याला हें संरक्षण दिलें आहे. शिवाय केंद्र सरकारनें मे २०२५ मध्यें एक योजना जाहीर केली असून तिच्या अन्वयें रस्त्यावरील अपघातांत सांपडलेल्या कोणाहि इसमास, नेमून दिलेल्या रुग्णालयांत, अपघाताच्या दिवसापासून सात दिवसांपर्यंत दीड लाख रुपयांच्या मर्यादेंत रोख पैसे न भरतां उपचार मिळूं शकतात. रुग्णालयाच्या खिडकीपाशीं ही गोष्ट नातेवाइकांनीं स्वतः होऊन विचारावी.

ह्याच खिडकीपाशीं दाव्याचें पहिलें वाक्य लिहिलें जातें. परिचारिका विचारते, ‘कसें लागलें?’ घाबरलेला भाऊ किंवा शेजारी म्हणतो, ‘गाडीवरून पडला.’ हें उत्तर खोटें नाहीं. मागून मोटारीनें धडक दिली म्हणूनच तो पडलेला असतो. परंतु केसपेपरवर उमटतें तें एवढेंच, कीं रुग्ण दुचाकीवरून पडला. पुढें दीड-दोन वर्षांनीं विमा कंपनीचा वकील तो केसपेपर काढतो व अगदीं शांतपणें विचारतो, ‘मग ही मोटार आली कोठून?’ त्या प्रश्नाला उत्तर असतें. पण तें द्यावयास फार धडपड करावी लागते, आणि कांहीं वेळां तीहि पुरी पडत नाहीं. पोलिसांत लेखी खबर गेली तीच मुळीं आठवड्यानें, आणि रुग्णालयाच्या कागदावर दुसऱ्या वाहनाचा उल्लेखच नाहीं, अशा प्रकरणांत ‘मोटार मागाहून घुसविली’ असा बचाव कंपनी हटकून घेते. असा बचाव प्रत्येक वेळीं खोडसाळ असतो असें म्हणतां येत नाहीं. खोटीं वाहनें उभीं करून केलेले खोटे दावे न्यायालयांनीं पाहिले आहेत, आणि त्यांचें फळ खऱ्या जखमींना भोगावें लागतें.

यास्तव रुग्णासोबत जो कोणी गेला असेल त्यानें अपघाताची तारीख, वेळ, ठिकाण, धडक देणाऱ्या वाहनाचा प्रकार, आणि ठाऊक असल्यास त्याचा क्रमांक, एवढ्या गोष्टी डॉक्टरला स्पष्ट सांगाव्यात व त्या लिहिल्या गेल्या आहेत कीं नाहींत तें डोळ्यांनीं पाहावें. क्रमांक ठाऊक नसल्यास ‘अज्ञात मोटारीची धडक’ असें लिहविणें पुरेसें आहे. अंदाजानें क्रमांक मुळींच सांगूं नये. ही मेडिको-लीगल नोंद, म्हणजे ज्याला बोलण्यांत ‘एम्. एल्. सी.’ म्हणतात ती, झाली आहे काय हेंहि विचारावें, कारण तिच्यावरूनच रुग्णालय पोलिसांना खबर देतें. मजकूर चुकीचा लिहिला गेला असल्याचें मागाहून कळलें, तर खाडाखोड करण्याचा आग्रह धरूं नये. तारीख घालून दुरुस्तीचा लेखी अर्ज द्यावा व त्याच्या प्रतीवर पोंच घ्यावी. आणखी एक गोष्ट. मोडलेल्या पायाच्या वेदनेपुढें डोक्याला लागलेलें टेंगूळ किंवा कानांत होणारा आवाज कोणी सांगत नाहीं. महिन्यानें चक्कर येऊं लागली म्हणजे मात्र पहिल्या दिवसाच्या कागदावर डोक्याचा उल्लेख नसल्याचें आढळून येतें. जेथें जेथें दुखतें तें सर्व पहिल्याच तपासणींत सांगावें.

रस्त्यावर शुद्धीवर असलेल्या माणसांच्या हातून होणारी मोठी चूक म्हणजे आपसांतील तडजोड. मोटारीचा मालक सभ्य असतो, हात जोडतो, दोन-पांच हजार रुपये पुढें करतो, व ‘प्रकरण वाढवूं नका’ म्हणतो. जखमी माणसालाहि घरीं जाण्याची घाई असते. सायंकाळीं गुडघा सुजतो व दुसऱ्या दिवशीं एक्स-रेमध्यें अस्थिभंग निघतो. तोंवर मालकाचा फोन लागत नाहीं व पोलिसांकडे कांहींच नोंद नसते. तेव्हां पैसे घेऊं नयेत, कोऱ्या किंवा न वाचलेल्या कागदावर सही करूं नये, आणि आपलीच कांहीं चूक झाली असें दुसऱ्याची समजूत काढण्यासाठीं बोलूं नये. शक्य असल्यास वाहनें हलविण्यापूर्वीं त्यांचीं मोबाइलनें छायाचित्रें घ्यावींत: क्रमांकाच्या पाट्या, रस्त्यावरील चाकांच्या खुणा, सिग्नल, तुटलेल्या कांचा. चालकाच्या परवान्याचें व विम्याच्या कागदाचेंहि छायाचित्र घ्यावें. तें न मिळाल्यास वाहनाच्या क्रमांकावरून केंद्र सरकारच्या ‘परिवहन’ संकेतस्थळावर विम्याची माहिती बहुधा सांपडते. साक्षीदारांपैकीं दोघांचे तरी दूरध्वनी-क्रमांक टिपून ठेवावेत. आसपासच्या दुकानावर किंवा सोसायटीच्या फाटकावर कॅमेरा असल्यास पोलिसांना त्याच दिवशीं लेखी कळवावें, कारण असें चित्रण कांहीं दिवसांनीं आपोआप पुसलें जातें व मग तें परत आणण्याचा कोणताहि उपाय नसतो.

पोलिसांत खबर देण्यास उशीर झाला तर दावा बुडाला असें मानूं नये. जखमीला वांचविणें हें घरच्यांचें पहिलें कर्तव्य असून केवळ खबरीस उशीर झाला एवढ्यावरून खरा दावा फेटाळूं नये, असें सर्वोच्च न्यायालयानें २०११ सालीं म्हटलें आहे. परंतु उशिराचें कारण पहिल्याच जबाबांत लिहविणें अवश्य. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेप्रमाणें अपघात कोणत्याहि हद्दींत झालेला असला तरी खबर कोणत्याहि ठाण्यांत देतां येते व तिची प्रत विनामूल्य मिळते. खबरीची प्रत, घटनास्थळाचा पंचनामा व दोन्ही वाहनांच्या तपासणीचा अहवाल हे तीन कागद दाव्याचा कणा होत. पंचनाम्यांतील नकाशा लक्षपूर्वक पाहावा. डावी बाजू उजवी म्हणून लिहिली गेली तर चुकीच्या बाजूनें कोण येत होता तें उलटें होऊन बसतें.

२०२२ च्या नियमांनीं पोलिसांवरहि वेळापत्रक घातलें आहे, व हें फारच थोड्या कुटुंबांना ठाऊक असतें. अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांच्या आंत न्यायाधिकरणाकडे व विमा कंपनीकडे जावयास पाहिजे, अंतरिम अहवाल ५० दिवसांत, व सविस्तर अहवाल ९० दिवसांत. जखमीला त्याच्या हक्कांची माहिती देणारा छापील नमुनाहि तपासी अंमलदारानें द्यावयाचा असतो. हा सविस्तर अहवाल हाच भरपाईचा अर्ज समजावा अशी कायद्यांत तरतूद आहे. म्हणून घरांतील एखाद्या धीराच्या माणसानें ठाण्यावर जाऊन ‘पहिला अहवाल न्यायाधिकरणाकडे गेला काय?’ असें विचारणें हा उद्धटपणा नव्हे. मात्र पोलिसांचा अहवाल जाईल म्हणून स्वतः स्वस्थ बसणें धोक्याचें आहे. कलम १६६ प्रमाणें अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आंत करावा लागतो. ही मुदत १९९४ सालीं उठविली गेली होती व २०२२ पासून ती पुन्हां आली. तिच्या वैधतेचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढें गेला, आणि नोव्हेंबर २०२५ मध्यें त्या न्यायालयानें केवळ मुदत टळली म्हणून अर्ज फेटाळूं नयेत असा अंतरिम आदेश दिला. अंतरिम आदेशाच्या भरंवशावर कोणीं झोपूं नये. सहा महिने हीच मुदत धरून चालावें. अर्ज अपघात झाला तेथेंच करावा लागतो असेंहि नाहीं. साताऱ्याजवळ धडक बसलेल्या मुंबईकरास तो मुंबईंत, स्वतःच्या राहत्या ठिकाणच्या न्यायाधिकरणापुढें, करतां येतो.

आतां रकमेकडे वळावें, कारण सुशिक्षित माणसांचाहि घोटाळा होतो तो येथेंच. औषधांचीं बिलें म्हणजेच भरपाई अशी समजूत असल्यामुळें लोक पावत्यांची थप्पी घेऊन जातात व बाकीचें सारें विसरतात. बिलें हवींतच, व तीं डॉक्टरच्या चिठ्ठ्यांसह हवींत. रिक्षाचें भाडें, काठी, कमोडची खुर्ची, व्यायाम शिकविणाऱ्याची फी हींहि त्यांतच. परंतु कायमची इजा झाली असेल तर भरपाईचा मोठा भाग कमावण्याची शक्ति किती घटली यावर ठरतो. अपंगत्वाच्या दाखल्यावर ‘३० टक्के’ लिहिलें म्हणून कमाईहि ३० टक्क्यांनीं घटली असें न्यायालय मानीत नाहीं. २०११ च्या एका प्रसिद्ध निवाड्यांत सर्वोच्च न्यायालयानें ही गोष्ट उदाहरणानें उलगडली आहे: डावा हात गेलेला माणूस सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळजवळ सर्वच बुडते, तोच सरकारी कारकून असेल तर त्याची नोकरी टिकूंहि शकते. अवयव तोच, टक्के तेच, पण नुकसान निराळें. म्हणून दाखला आणून भागत नाहीं. तो माणूस रोज काय काम करीत असे, उभ्यानें कीं बसून, शिडीवर चढून कीं टेबलाशीं, हें पुराव्यांत आणावें लागतें, आणि उपचार करणाऱ्या डॉक्टरनें तें अपंगत्व त्या कामाच्या आड कसें येतें तें सांगावें लागतें. दाखल्यावरील टक्के एका पायाचे आहेत कीं सर्व शरीराचे, हेंहि त्यावर स्पष्ट असावें.

हिशोबाची रीत अशी. अडतीस वर्षांचा एक शिंपी दरमहा २०,००० रुपये मिळवितो, म्हणजे वर्षाला २,४०,०००. पायाच्या अपंगत्वानें त्याची कमावण्याची शक्ति ३० टक्क्यांनीं घटली असें ठरलें, तर वर्षाचें नुकसान ७२,००० रुपये. सर्वोच्च न्यायालयानें २००९ सालीं वयाप्रमाणें गुणक ठरवून दिले आहेत. पंधरा ते पंचवीस वर्षांसाठीं १८, पुढें उतरत उतरत पासष्टीनंतर ५. छत्तीस ते चाळीस या वयासाठीं १५. ७२,००० ला १५ नें गुणिलें असतां १०,८०,००० रुपये होतात. उत्पन्न पुढें वाढलें असतें हें धरून, स्वतंत्र धंदा करणाऱ्या चाळिशीच्या आंतील माणसाच्या उत्पन्नांत ४० टक्के मिळविले, तर तोच आंकडा १५,१२,००० वर जातो. वैद्यकीय खर्च, वेदनांबद्दलची रक्कम, पुढील शस्त्रक्रियेचा खर्च हें सर्व निराळें. आतां त्या शिंप्याजवळ वीस हजारांचा कांहींच पुरावा नसला, तर न्यायाधिकरणाला उत्पन्न अंदाजानें धरावें लागतें, व अंदाज नेहमीं हात राखूनच केला जातो. बँकेच्या पुस्तकांतील जमा, आयकराचें पत्रक, गिऱ्हाइकांच्या पावत्या, नोकरदार असल्यास पगारपत्रक व खर्ची पडलेल्या रजेचा दाखला हे कागद ह्या कारणानें डिस्चार्ज कार्डाइतकेच जपून ठेवावेत.

गृहिणीला ‘उत्पन्न नाहीं’ म्हणून तिचा दावा हलका समजण्याची जुनी खोड आहे. सर्वोच्च न्यायालयानें २०१० व २०२१ सालच्या निवाड्यांत घरकामाला पैशांतील मूल्य असल्याचें स्पष्ट केलें आहे. मनगट मोडलेल्या बाईच्या घरीं सहा महिने पोळ्या करावयास, धुणें-भांडीं करावयास दुसरी बाई ठेवावी लागली असेल, तर तिला दिलेल्या पैशांची नोंद दरमहा सहीसह ठेवावी. मेडिक्लेमचा विमा असलेल्या कुटुंबांनीं बिलें कंपनीकडे देण्यापूर्वीं त्यांच्या प्रती काढून ठेवाव्यात. मेडिक्लेमपोटीं मिळालेली रक्कम अपघाताच्या भरपाईंतून वजा करतां येत नाहीं, असा निर्णय मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठानें २०२५ सालीं दिला आहे.

दावा दाखल झाल्यावर, किंबहुना त्याआधींहि, विमा कंपनीकडून तडजोडीचा देकार येऊं शकतो. तो वाईटच असतो असें नाहीं. परंतु पायांत घातलेली सळई वर्षानें काढावयाची असतां आजच ‘पूर्ण व अंतिम’ म्हणून सही करणें शहाणपणाचें नव्हे. कलम १६४ प्रमाणें, चूक कोणाची हें सिद्ध न करतांहि, जबर दुखापतीबद्दल अडीच लाख रुपये मिळतात, आणि हाड मोडणें ही कायद्याच्या भाषेंत जबर दुखापतच आहे. किरकोळ अस्थिभंग होऊन माणूस पूर्ववत् झाला असेल तर हा मार्ग सोयीचा. परंतु ती रक्कम एकदां स्वीकारली कीं कलम १६६ खालील मोठा अर्ज रद्द होतो, हें आमचा शिंपी जाणत नसेल तर अडीच लाखांसाठीं पंधरा लाख गमावून बसेल. लोक अदालतींत झालेल्या तडजोडीवरहि अपील नसतें. इजा स्थिरावली आहे, आतां ती फारशी सुधारणार नाहीं व बिघडणारहि नाहीं, असें डॉक्टर म्हणेपर्यंत आंकड्याची भाषा बोलूं नये हें बरें.

वकिलाविषयीं थोडेंसें. अपघाताच्या बातमीचा माग काढीत रुग्णालयाच्या दारांत येणारे दलाल पुष्कळ, व ‘मिळेल त्यांतले इतके टक्के’ असा करार ते सर्रास मांडतात. निकालावर अवलंबून फी ठरविण्यास वकिलांना बार कौन्सिलच्या नियमांनींच मनाई आहे. स्त्रिया, मुलें, अपंग, तसेंच अनुसूचित जातिजमातींतील लोक यांना जिल्हा विधि सेवा प्राधिकरणाकडून विनामूल्य वकील मिळतो. स्त्रीला त्यासाठीं उत्पन्नाची अट नाहीं.

प्रत्येक जखमीला हा मार्ग खुला असतो असें मात्र नाहीं. धडक देऊन पळालेलें वाहन शेवटपर्यंत सांपडलें नाहीं, तर २०२२ च्या योजनेप्रमाणें जबर दुखापतीस ५०,००० व मृत्यूस दोन लाख रुपये एवढेंच मिळतें. अशा वेळीं कोणी ‘ओळखीच्या विमा असलेल्या गाडीचा नंबर घालूं’ असें सुचवितो; तो हितचिंतक नव्हे, तो फौजदारी खटल्याचें आमंत्रण देत असतो. मित्राच्या मोटारींतून जातांना त्या मित्राच्याच चुकीनें लागलें, आणि मोटारीचा विमा केवळ कायद्यापुरता, तिऱ्हाइताचा उतरलेला असला, तर आंत बसलेल्याला कंपनी जबाबदार नसते; दुचाकीवर मागें बसणाऱ्याचीहि तीच स्थिति. सर्वंकष विमा असेल तर तो धरला जातो. वर्षाला थोडे रुपये वांचवितांना कोणाचें संरक्षण कमी झालें, हें घरांत फारसें कोणी पाहत नाहीं. हेल्मेट नव्हतें किंवा दुचाकीवर तिघे होते, एवढ्यावरून दावा बुडत नाहीं. ती गोष्ट अपघाताला किंवा इजेला कारण झाली असें दाखविलें गेलें तरच रक्कम कापली जाते. म्हणून अशा गोष्टी लपविण्यांत अर्थ नाहीं. जबाबांत एक खोटें सांपडलें कीं चार खरींहि संशयित होतात.

न्यायाधिकरणाच्या निवाड्यानें समाधान झालें नाहीं, तर नव्वद दिवसांच्या आंत उच्च न्यायालयांत अपील करतां येतें. मात्र वादांतील रक्कम एक लाखाहून कमी असल्यास तें चालत नाहीं. रकमेवर व्याजहि मिळतें, व तें अर्ज दाखल केल्याच्या तारखेपूर्वींपासून देतां येत नाहीं, हें अर्ज लांबणीवर टाकणाऱ्यांनीं हिशोबांत धरावें.